भिंत बी सरळ, डोळा बी सरळ

माझ्या लांबच्या नजरेला आजवर चष्मा लागलेला नाही. हे आधीच सांगून ठेवतो, कारण पुढं जे लिहिणार आहे ते वाचून एखाद्याला वाटायचं, म्हाताऱ्याच्या डोळ्यात मोतीबिंदू पिकला असंल. पिकला नव्हता आणि पिकलेला नाही. सुनेनं मला हिंगोलीला नेऊन डोळे तपासून आणले आहेत. डॉक्टर म्हणाला, वयाच्या मानानं नजर चांगली आहे. आता यात वयाला मधी आणायचं काही कारण नव्हतं, पण डॉक्टर लोकांना सवय असते.

शाळा माझी चौथीत सुटली. मात्र सरळ रेघ ओढायला शाळा लागत नाही, नजर लागते. आमच्या शिवारात रब्बीची पेरणी सुरू व्हायची असली की पहिलं तास धरायला मला बोलावणं येतं. तिफण रानात घातली की तिची जी पहिली फेरी, ते पहिलं तास. ते सरळ गेलं तर पुढची सगळी तासं त्याच्या कडेकडेनं सरळ जातात. ते वाकडं गेलं तर अख्खं रान वाकडं, आणि हरभरा निघेपर्यंत रस्त्यानं येणारा-जाणारा ते बघून हसणार. गावात आता ट्रॅक्टर झाले, बैलजोड्या राहिल्या बोटावर मोजण्याएवढ्या. तरी आमच्याकडं पहिलं तास बैलाच्या तिफणीनंच धरायची रीत आहे आणि त्या तिफणीच्या रुमण्यावर, मागच्या दांड्यावर, हात माझा असतो. मिशीवर ताव मारावा असं माझ्याकडं दुसरं काही नाही. जमीन बापानं ठेवली, घर पोरानं बांधलं. नजर तेवढी माझी स्वतःची.

पोरानं बांधलेलं घर रस्त्याला लागून आहे, कनेरगाव नाक्याकडं जाणाऱ्या रस्त्यावर. त्याला मोठी पडवी काढली. पडवीच्या समोरच्या भिंतीला टाइल लावायची ठरलं. आल्यागेल्या माणसाची पाठ टेकून टेकून चुन्याची भिंत मळते, आणि धुता येत नाही. काळी आणि पांढरी टाइल मीच पसंत केली.

मिस्त्री गावातलाच. त्याच्या बापानं आमचं जुनं घर बांधलं होतं. हा माझ्याहून दहा-बारा वर्षांनी लहान, मला काका म्हणतो आणि सख्ख्या भावासारखा भांडतो. हात सोन्याचा, तोंड मात्र शिमग्याचं.

त्यानं टाइल मांडून दाखवली. खालची काळी तर वरची पांढरी, बुद्धिबळाच्या पटासारखे चौकोन. मी बघितलं आणि म्हणालो, "हे काय करून राहिला? सांध्यावर सांधा येऊन राहिला की."

"येऊ द्या की. टाइल आहे ही काका, वीट न्हाई."

"वीट असो का टाइल असो. सांध्यावर सांधा आला की भिंतीला चीर जाते. तुझा बाप असता तर त्यानं असं केलं असतं का?"

बापाचं नाव काढलं की मिस्त्री नरमतो, हे मला माहीत आहे. तरी तो म्हणाला, "भिंत मागं पक्की उभी आहे. ही नुसती वरून चिकटवायची. हिला कशाची चीर जाती?"

"ते मला सांगू नको. प्रत्येक रांग खालच्या रांगेपेक्षा अर्धी टाइल सरकव. विटांसारखी. आन् सांध्यात साधं सिमेंट भर, ते रंगीबेरंगी नको."

मिस्त्रीनं आभाळाकडं बघितलं. "बराबर आहे. घर तुमचं, भिंत तुमची. उद्या म्हणाल छताला बी विटांसारखी टाइल लाव." पण ऐकलं त्यानं.

त्यानंतर मी लेकीकडं आखाडा बाळापूरला गेलो. जावयाच्या गाईनं कालवड दिली होती, ती बघायला म्हणून गेलो आणि लेकीनं ठेवून घेतलं. परत आलो तो दसरा तोंडावर आलेला. दसऱ्याला नव्या घराची वास्तुशांत ठेवली होती, राहायला आम्ही आधीच आलो होतो. पडवीवर ऊन थेट येतं, ओलं सिमेंट तडकू नये म्हणून मिस्त्रीनं काम चालू असेपर्यंत समोर ताडपत्री टांगून ठेवली होती. मी फाटकातून आत शिरलो आणि त्याच वेळी त्यानं ती ताडपत्री ओढून काढली. मला दाखवायला म्हणून खास थांबला होता बिचारा.

मी जागच्या जागी उभा राहिलो.

भिंत वाकडी होती. जराशी नाही, लाज वाटावी अशी. एक रांग डावीकडं निमुळती होत गेलेली, तिच्या वरची उजवीकडं निमुळती, तिच्याही वरची पुन्हा डावीकडं. दारू पिऊन नांगर हाकल्यासारखी.

"हे काय लावलं?" मी ओरडलो.

"काहून? काय झालं?"

"काय झालं? आंधळ्यानं लावल्यात का रांगा? एक इकडं चालली, एक तिकडं चालली!"

मिस्त्री भिंतीजवळच उभा होता. त्यानं नाक लावून भिंत बघितली, बोट फिरवलं, लेव्हलची पट्टी ठेवली. पट्टीतला बुडबुडा मधोमध. "दिवाल सीधी है काका," तो म्हणाला. रागात आला की तो हिंदीत शिरतो. "तुमारी आँख तिरपी है."

आता मला सांगा, हे मला! माझ्या फाटकात उभं राहून! बायको घरातून धावत आली, पोरगा आला, रस्त्यावरची दोन-चार माणसं फाटकाशी थांबली. मी म्हणालो, "पहिलं तास धरतो मी. अख्खा शिवार बोलावतो मला. माझ्या डोळ्याला तिरपा म्हणतो?"

"म्हणतो. शर्त लावा."

"लाव!"

"मी लाइनदोरी लावतो. एक रांग जरी तिरपी निघाली तर सगळी भिंत उकलून माझ्या पदरच्या टाइलनं पुन्हा लावीन, आन् थापी तुमच्या पायावर ठेवीन. अन् रांगा सरळ निघाल्या तर?"

"तर काय?"

"तर ह्या साली पहिलं तास तुमी धरायचं न्हाई. नजर गेली म्हणायचं आन् बांधावर बसायचं."

माणसं हसली. पोरगा म्हणाला, "बाबा, जाऊ द्या ना." तो असा मधी बोलला म्हणूनच मी हो म्हणालो. नाहीतर कदाचित विचार केला असता.

मिस्त्रीनं भिंतीच्या दोन टोकांना दोरी ताणून धरली. एका टोकाला तो, दुसऱ्या टोकाला माझा पोरगा. मी जवळ जाऊन बघितलं. दोरी सांध्यावर तंतोतंत बसली होती. वरची रांग घेतली, तीही. तिच्या वरची, तीही.

"ही दोरी तुझी," मी म्हणालो. "तुझ्याच बाजूनं बोलणार."

मग मी माझी दोरी आणली, विहिरीवरची, नवी कोरी नायलॉनची. पोरगा एका टोकाला, मी स्वतः दुसऱ्या टोकाला. ताणली. सरळ. फाटकापाशी जाऊन बघितलं, भिंत वाकडी. भिंतीपाशी येऊन दोरी लावली, सरळ. असं मी फाटक ते भिंत, भिंत ते फाटक करत राहिलो, आणि फाटकातली माणसं भिंत सोडून जत्रेत बघावं तशी माझ्याकडंच बघत राहिली.

शेवटी मिस्त्री म्हणाला, "आणखी कुणाची दोरी आणायची का काका? सासुरवाडीची?"

मी पडवीत भिंतीकडं पाठ करून खुर्ची टाकली आणि बसून राहिलो. तोंडानं मान्य केलं नव्हतं, पण शर्त मी हरलो होतो. दोरीशी काय भांडणार?

बायकोनं चहा आणून ठेवला. बायको माझी गरीब नाही. म्हणाली, "आवं, हिंगोलीच्या टेसनावर झालं तसंच झालं हे."

टेसनाची गोष्ट ती गेली कित्येक वर्षं काढून राहिली आहे. लग्नानंतर लवकरच आम्ही आगगाडीनं कुठंतरी निघालो होतो. गाडी हिंगोलीला थांबली, ही नळावर पाणी भरायला उतरली. मी खिडकीत बसलेलो, पलीकडच्या रुळावर मालगाडी. एकाएकी माझी गाडी हलली. मी खिडकीतून ओरडलो, "गाडी सुटली! पळ! तांब्या टाक आन् पळ!" ही पळाली. लुगडं भिजलं, तांब्या फलाटावर गडगडत गेला, दोन हमालांनी तिला धरून डब्यात चढवलं. गाडी जागेवरच. सुटली होती ती मालगाडी. माझी गाडी त्यानंतर चांगला अर्धा तास तिथंच उभी होती, आणि त्या अर्ध्या तासात ही माझ्याशी एक शब्द बोलली नाही. त्यानंतर मात्र बोलतच आहे.

"तवा बी तुमी म्हणत व्हते, मला पोटात हालल्यावाणी झालं," ती म्हणाली.

"झालंच व्हतं!"

"झालं असंल. तांब्याला पोचा आला तो खरा."

संध्याकाळी सून शाळेतून आली. ती हिंगोलीला एका शाळेत विज्ञान शिकवते, एसटीनं जाऊन-येऊन करते. फाटकातून आत आली, भिंतीकडं बघितलं, आणि पिशवी खाली न ठेवताच हसायला लागली. मला वाटलं हिला कुणी रस्त्यातच सगळं सांगितलं. पण ती मिस्त्रीला म्हणाली, "चाचा, तुमी इथून बघितली का भिंत?"

मिस्त्री हात धूत होता. "इथून काय, जवळून बघितली. हातानं लावली."

"या ना इकडं. फाटकात या."

मिस्त्री गेला, वळला आणि त्याच्या हातातला टॉवेल खाली पडला. "या अल्ला," तो म्हणाला. "ये तो सच में तिरपी है!"

इतके दिवस तो भिंतीला नाक लावून काम करत होता. समोर ताडपत्री. लांबून ती भिंत त्यानं बघितलीच नव्हती. आता तो पळत भिंतीशी गेला, पट्टी ठेवली. सरळ. पळत फाटकाशी आला. तिरपी. पुन्हा भिंतीशी. मी खुर्चीतून उठलो नाही, पण तोंड त्याच्याकडं वळवलं. म्हणालो, "कुणाची दोरी आणू का?"

माझा सगळा दिवस तिथं वसूल झाला.

सुनेनं दोघांना पडवीत बसवलं. बायकोही दारात उभी राहिली. सून म्हणाली, "मामा, भिंत सरळ आहे आणि तुमचा डोळाही सरळ आहे. गंमत मधल्या मधी झाली आहे."

"मधी कोण?"

"मेंदू." तिनं बोटानं कपाळावर टकटक केलं. "आपल्याला वाटतं डोळा बघतो. डोळा फक्त उजेड कुठं आहे, अंधार कुठं आहे, एवढं मागं कळवतो. रेघ कुठं आहे, ती कुठं चालली, हे मेंदू ठरवतो. अन् त्याला वेळ नसतो, म्हणून अंदाजानं ठरवतो. इथं बघा. वरची रांग अर्धी सरकली, म्हणून काळी टाइल अर्धी खालच्या काळीवर अन् अर्धी पांढरीवर आली, कोपऱ्याखाली कोपरा राहिला न्हाई. मधला सांधा राखाडी, धड काळा न्हाई, धड पांढरा न्हाई. अशा प्रत्येक कोपऱ्यावर मेंदूला बारीकसा तिरकेपणा भासतो. ते सगळे बारीक तिरके एकाच अंगाला झुकलेले. मेंदू ते जोडून टाकतो आणि म्हणतो, रांगच तिरकी आहे."

मिस्त्री उठून उभा राहिला. "रांग अर्धी सरकव, हे कुणी सांगितलं होतं? सांध्यात साधं सिमेंट भर, हे कुणी सांगितलं होतं?" तो दारातल्या माझ्या बायकोकडं बघून विचारत होता, माझ्याकडं नाही.

"विटा अशाच लावतात," मी म्हणालो, आणि अजूनही माझं तेच म्हणणं आहे. "पण बाई, एक सांग. मला तिरकी दिसली. ह्याला बी तिरकी दिसली. तुला?"

"मला पण तिरकीच दिसते. कारण माहीत असून दिसते. माहीत झालं म्हणून दिसायचं थांबत न्हाई."

"अन् ज्याला ती सरळ दिसंल?"

"त्याला मग डोळे तपासायला न्यावं लागंल," ती हसून म्हणाली.

हे वाक्य मी फाटकातल्या माणसांना ऐकू जाईल एवढ्या मोठ्यानं पुन्हा म्हणून घेतलं. माणसं तर केव्हाच पांगली होती, पण म्हणून घेतलं.

"मग आता भिंत उकलायची का?" मिस्त्रीनं विचारलं. त्याचा चेहरा उतरला होता. दोरीनं सरळ ठरलेली भिंत आता लोकांच्या डोळ्यांना वाकडीच दिसणार, आणि रस्त्यावरनं जाणारा प्रत्येक माणूस त्यालाच हसणार. दोरी घेऊन फाटकात कायमचं उभं थोडंच राहता येतं?

सून आत गेली आणि काजळाची डबी घेऊन आली. बायको म्हणाली, "आता भिंतीला नजर लागू नये म्हणून तीट लावती काय?" सुनेनं बोटावर काजळ घेतलं आणि दोन रांगांमधला एक राखाडी सांधा या टोकापासून त्या टोकापर्यंत काळा करत गेली. मग आम्हाला फाटकात उभं केलं.

खरं सांगतो, मी तोंडात बोट घालायचा राहिलो. तेवढी एक रेघ सरळ झाली होती. वरची तिरकी, खालची तिरकी, मधी ही एक ताणलेल्या दोरीसारखी सरळ. कुणी टाइल हलवली नव्हती.

"सांधा काळा झाला की तो काळ्या टाइलमधीच मिसळून जातो," सून म्हणाली. "मधला राखाडी गेला, कोपऱ्यावरचे भास गेले."

मिस्त्रीनं डबी हातात घेऊन उलटी-सुलटी बघितली. "एवढ्या भिंतीला किती डब्या लागतील?"

डब्या लागल्या नाहीत. त्यानं सांधे खरवडून काळा रंग घातलेलं सिमेंट भरलं, आणि दसऱ्याच्या आधी भिंत फाटकातूनही सरळ दिसायला लागली. सगळ्यात खालचा एक सांधा मात्र मी राखाडीच ठेवायला लावला. कुणी पाहुणा आला की पाणी पिता पिता त्याची नजर तिथं जातेच. "बाकी झकास आहे," तो म्हणतो, "पण ती खालची रांग जरा वाकडी बसली." मी म्हणतो, "असं व्हय?" आणि खुंटीवरची दोरी त्याच्या हातात देतो. आमच्या घरी आलेला माणूस त्या भिंतीपुढं एकदा तरी उकिडवा बसल्याशिवाय जात नाही.

त्या दिवसांत मला एक नादच लागला. जे दिसेल त्याच्यावर संशय. घरात ठेवलेल्या गेल्या सालच्या हळदीचा एक ढीग निळ्या ताडपत्रीवर टाकला, एक पिवळसर पोत्यावर. एकाच कढईत शिजलेली हळद, पण निळ्यावरची जास्त तेजदार दिसते. कोजागरीला चंद्र वर येताना लिंबाच्या झाडामागं परातीएवढा दिसला. सुनेनं माझ्या हातात हरभऱ्याचा दाणा दिला आणि हात लांब करून दाण्यानं चंद्र झाकायला लावला. झाकला. जेवणं झाल्यावर चंद्र वर गेला, लहान दिसायला लागला, तेव्हा पुन्हा तोच दाणा. पुन्हा तेवढाच झाकला. परातीएवढा चंद्र आणि वाटीएवढा चंद्र, दोन्ही एका हरभऱ्यामागं लपतात. मी तो दाणा खिशात ठेवला. सून म्हणाली, "मामा, मोठा चंद्र आपण बनवतो." मी म्हणालो, "बनवतो तर बनवतो. चांगला दिसतो."

पण हे सगळं हसण्यावारी नेलं तरी एक गोष्ट राहिलीच होती. शर्त.

हरभऱ्याची पेरणी आली. रान वाफशावर आलं, पेरणीपुरती ओल राहिली. मिस्त्री सकाळीच आमच्या दारात. "काका, शर्त मी माघारी घेतो. मला बी तिरपीच दिसली होती ना. तुमची नजर बराबर आहे. चला, तास धरा."

"दोरीनं भिंत सरळ निघाली का न्हाई?"

"निघाली."

"शर्त दोरीची होती. नजरेची नव्हती. मी हरलो."

"अहो पण..."

"अहो न्हाई अन् काहो न्हाई. मी शब्द दिला, तो तुझ्या दयेवर माघारी घेऊ का? गावात उद्या म्हणतील, शर्त हरला आन् मिस्त्रीच्या पाया पडून रुमणं धरलं."

पोरगा म्हणाला, "बाबा, मग सरळ ट्रॅक्टर घालू. पहिलं तास काय अन् दुसरं काय." मी त्याच्याकडं असं बघितलं की तो शेजाऱ्याची बैलजोडी आणायला निघून गेला.

रानात तिफण उभी. हळदकुंकू झालं, नारळ फुटला. बैल शेपट्या हलवत उभे. सगळे माझ्याकडं बघून राहिले. मी बांधावर बसून राहिलो, शर्तीत ठरलं होतं तसा. पण सांगतो, त्या बांधावरचे खडे मला त्या दिवशी जेवढे टोचले तेवढे कधी टोचले नाहीत. चाळीसहून जास्त वर्षं झाली, रुमण्यावर माझा हात आणि शेजारी अर्धं पाऊल मागं माझी बायको, तिफणीच्या नळ्यांत बी उतरवणाऱ्या चाड्यात हरभऱ्याची मूठ सोडत. कितीही ऊन असो, तिच्या मुठीतून दाणा कधी कमी पडला नाही, कधी जास्त पडला नाही.

बायकोनं बियाण्याची ओटी सोडली, माझ्यापाशी आली आणि ती माझ्या कमरेला बांधायला लागली.

"हे काय करून राहिली?"

"शर्त तुमची झाली. माझी कुठं झाली? तास मी धरते. तुमी मूठ सोडा."

"तू? तुला तास धरता येतं?"

"इतकी वर्सं तुमच्या मागं चालले ते काय डोळे मिटून?"

मिस्त्री टाळ्या वाजवायला लागला. पोरगा तोंड फिरवून हसत होता. मी उठलो. तिला म्हणालो, "बरं. मग ऐक. बैलाकडं बघायचं न्हाई. जमिनीकडं तर मुळीच न्हाई. जवळ बघितलं की हात डगमगतो. दोन बैलांच्या मधून तो पलीकडचा लिंब धर. लिंबावरून नजर काढायची न्हाई."

"मी आजवर तुमची पाठच धरली व्हती," ती म्हणाली. "लिंब नवाच सांगितला."

तिनं रुमण्यावर हात ठेवला, बैलांना आवाज दिला आणि निघाली. मी मागं, चाड्यात मूठ सोडत. तेव्हा मला कळलं की चाड्यावरच्या माणसाला पुढचं काही दिसत नाही. त्याला दिसते फक्त पुढच्याची पाठ आणि स्वतःची मूठ. मुठीकडं बघावं तर पाय चुकतो, पायाकडं बघावं तर दाणा एका नळीत गच्च आणि दुसरीत रिकामा. चार पावलांत मला घाम फुटला. "दाणा सारखा पडू द्या!" ती पुढून, मागं न बघता ओरडली. तिला कसं कळलं कुणास ठाऊक. उत्तर द्यायला तोंड मोकळंच नव्हतं, जीभ दातात धरली होती.

पलीकडच्या बांधाला पोचलो. तिनं बैल थांबवले. दोघं वळलो आणि आलेल्या वाटेकडं बघितलं.

तास सरळ होतं. सुरुवातीला सरळ, शेवटी सरळ. मधी, जिथं बैलानं एकदा मान झटकली होती, तिथं जरासं... म्हणजे मला वाटलं, जरासं.

मी तोंड उघडायच्या आत ती म्हणाली, "बोलू नका. मधी वाकडं दिसत असंल तर ते मेंदूचं काम आहे. तुमच्या सुनेला इचारा."

इकडच्या बांधावरून मिस्त्री पळत येत होता, हातात लाइनदोरीचं रीळ नाचवत. "काका! दोरी लावू का?"

त्या तासाकडं मी पुन्हा एकदा बघितलं. ऊन चांगलं वर आलं होतं, ओल्या मातीची रेघ काळी दिसत होती, आणि तिच्या शेवटाला माझी बायको पदरानं घाम पुसत उभी होती. चांगलं दिसत होतं.

"गुंडाळ ते सूत," मी ओरडलो. "माझ्या नजरेला सरळ दिसतंय!"